मितीपलीकडच्या भाषांच्या मागावर: लंडन ते व्हिएन्ना

शनिवार, लंडन

ब्रिटिश म्युझियमच्या पहिल्याच दालनात एका काचेच्या कपाटात काळा, गुळगुळीत, गोल आरसा ठेवलेला आहे. वर छोटीशी मूठ, मुठीला भोक. शेजारी मेणाच्या जाड चकत्या. त्यांवर वर्तुळं, सप्तकोन आणि अक्षरं इतकी दाट कोरलीत की नुसतं बघून डोकं गरगरावं. हे सामान जॉन डी याचं म्हणून ओळखलं जातं. लहान चकत्या टेबलाच्या पायांखाली, मोठी चकती टेबलावर, तिच्यावर स्फटिक, आणि त्या स्फटिकातून पलीकडच्या जगाशी बोलणं, अशी एकूण मांडणी.

इथे का आलो ते सांगून टाकते. मी लिहीत असलेल्या कादंबरीतली माणसं एका मितीतून दुसऱ्या मितीत जातात. वेगवेगळ्या घरांतून आलेली, त्यामुळे आपसांत बोलायला त्यांची एक कामचलाऊ भाषा आहे. तिचं नाव नेहुर. शब्द बरेच जमलेत, पण ती खऱ्या माणसांनी वापरून झिजवल्यासारखी वाटत नाही. म्हणून ठरवलं की ज्यांनी आपण पलीकडून भाषा आणली असं खरोखर सांगितलं, त्यांच्या गावांना जायचं. ताई गणित शिकवते. तिला सुट्टी होती, आणि मी एकटी गेले तर दिवसभर काही खाणार नाही अशी तिची खात्री होती.

डी हा वेडापिसा मांत्रिक नव्हता. जन्म १५२७. पहिल्या एलिझाबेथ राणीचा सल्लागार, गणिती, समुद्रावर जाणाऱ्यांना नौकानयन शिकवणारा. युक्लिडच्या पहिल्या इंग्रजी भाषांतराला १५७० साली त्याचीच प्रस्तावना होती. हे वाचल्यावर ताईचा त्याच्याबद्दलचा आदर एकदम वाढला. १५८२मध्ये एडवर्ड केली नावाचा माणूस त्याच्याकडे आला. केली स्फटिकात बघायचा आणि दिसेल ते सांगायचा, डी लिहून घ्यायचा. १५८३मध्ये देवदूतांची म्हणून २१ अक्षरांची लिपी उतरली. पुढच्या वर्षी पोलंडमधल्या क्राकोमध्ये ४८ आवाहनं आली. त्यातली सुरुवातीची उलटी, शेवटच्या अक्षरापासून सांगितली गेली, कारण सरळ म्हटली तर नको ते जागं होईल!

पहिल्या आवाहनाची सुरुवात अशी आहे: ‘ओल सोन्फ व्होर्स्ग, गोहो इआद बाल्ट’. मी तुमच्यावर राज्य करतो, म्हणतो न्यायाचा देव. डोनाल्ड लेकॉक या ऑस्ट्रेलियन भाषाशास्त्रज्ञाने १९७८ साली या भाषेचा कोश काढला आणि ती बारकाईने तपासली. उच्चार इंग्रजीला सोयीचे, वाक्यरचनाही इंग्रजीच्याच वळणाची, असं त्याला आढळलं. म्हणजे देवदूत लंडनच्या आसपास वाढलेले होते म्हणायचं.

मला मात्र दुसरीच गोष्ट आवडली. शेवटची तीस आवाहनं म्हणजे खरं तर एकच आहे. स्वर्गाचे तीस थर, आणि ज्या थरात जायचं त्याचं नाव तेवढं बदलायचं. प्रवाशांच्या भाषेत असं ठरावीक वाक्य हवंच. दारावर उभं राहून व्याकरणाचा विचार कोण करत बसणार?

आरशाबद्दल एक राहिलं. २०२१मध्ये मँचेस्टरच्या संशोधकांनी त्याच्या दगडाची रासायनिक तपासणी केली. तो ऑब्सिडियन, म्हणजे ज्वालामुखीतली काच, मेक्सिकोतल्या पाचुकाची निघाली. आरसा ॲझ्टेक लोकांचा. खरोखरच दुसऱ्या जगातून आलेली वस्तू होती ती, फक्त ते जग बोटीने गाठता येत होतं.

रविवार, अजून लंडन

सकाळी वॉटर्लूहून मॉर्टलेकला गेलो. थेम्सच्या काठी डीचं घर होतं. घरात छापील पुस्तकं आणि हस्तलिखितं मिळून चारेक हजार, म्हणजे त्या काळातल्या इंग्लंडमधला सर्वांत मोठ्या खासगी संग्रहांपैकी एक. आता घराचा मागमूस नाही. तो गेल्यावर तिथे भिंतीवर टांगायची चित्रं विणायचा कारखाना निघाला होता. चर्चचा मनोरा तेवढा १५४३चा आहे, म्हणजे हा त्याने रोज पाहिलेला असणार. देवदूतांच्या संभाषणांचे काही कागद त्याच्या मृत्यूनंतर एका पेटीच्या चोरकप्प्यात पडून होते. पेटी फिरत फिरत एका मिठाईवाल्याकडे गेली. १६६२च्या सुमारास कप्पा सापडला, आणि त्यातले बरेच कागद मोलकरणीने स्वयंपाकघरात, भाजायच्या पदार्थांखाली घालून संपवले. उरले ते आज ब्रिटिश लायब्ररीत आहेत.

दुपारी स्ट्रँडवर आलो. इथे बघण्यासारखं काहीच नाही. ड्युरम हाउस स्ट्रीट नावाची एक अंधारी गल्ली आहे, बस्स. पण माझ्या लेखी या प्रवासातली ही सगळ्यात मोलाची जागा. गल्लीच्या जागी एलिझाबेथ राणीच्या दरबारातल्या वॉल्टर रॅलेचा वाडा होता. १५८४मध्ये अमेरिकेच्या किनाऱ्यावरून, आजच्या नॉर्थ कॅरोलायनातून, मँटिओ आणि वँचीझ अशा दोघांना जहाजातून इथे आणलं. थॉमस हॅरियट नावाचा तरुण गणिती त्यांच्यासोबत बसला आणि त्यांची भाषा शिकू लागला. रोमन अक्षरांत ते आवाज मावेनात, तेव्हा त्याने नवीनच लिपी केली. ३६ अक्षरं, कोणत्याही भाषेचे आवाज लिहिता यावेत अशी. त्याने त्या भाषेचा कोशही केला होता, तो हरवला. अक्षरांचा कागद मात्र टिकला.

आता तारखा शेजारी शेजारी ठेवून बघा. १५८३ ते ८५. नदीकाठच्या मॉर्टलेकमधून निघालेला एक गणिती क्राकोत पोचून देवदूतांची आवाहनं अक्षर अक्षर करून उतरवून घेतोय, आणि त्याच नदीच्या काठावर दुसरा गणिती समुद्रापलीकडच्या दोन माणसांची अक्षरं घडवतोय. दोन्ही लिप्या अनोळखी माणसाला सारख्याच गूढ दिसतील. फरक एवढाच की हॅरियट काही चुकीचं बोलला की मँटिओ त्याला ‘असं नाही’ म्हणू शकत होता. वँचीझ तर मायदेशी परतल्यावर इंग्रजांच्या विरोधात गेला. देवदूत कधी डीचा उच्चार सुधारायचे, पण तेही केलीच्याच तोंडून.

नेहुरमध्ये काय कमी आहे ते इथे नेमकं कळलं. माझे सगळे प्रवासी परक्या मितीत जाऊन शब्द घेऊन येतात, पण तिथलं कुणी त्यांना हटकत नाही.

ताई म्हणाली, “मग हटकणारा लिही की. त्यासाठी गल्लीत उभं राहायला हवंय का?”

सोमवार, गाडीत

लंडन, ब्रुसेल्स, कोलोन, आणि मग ऱ्हाईनच्या काठाकाठाने बिंगेन. कोब्लेन्झच्या पुढे दोन्ही बाजूंना किल्ले सुरू होतात आणि थांबतच नाहीत. बाकी दिवसाचं सांगण्यासारखं काही नाही. ताईने माझी वही वाचली आणि समासात पेन्सिलीने प्रश्नचिन्हं काढून ठेवली.

मंगळवार, बिंगेन

हिल्डेगार्ड. जन्म १०९८, मृत्यू ११७९. मठाधिपती, संगीतकार, वैद्यकावर लिहिणारी आणि दिव्य दृश्यं बघणारी. आजूबाजूच्या पुरुषांनी गंभीरपणे घेतलं अशी त्या काळातली विरळा बाई. ११५०च्या सुमारास तिने नाहे आणि ऱ्हाईन मिळतात तिथे, रूपर्ट्सबेर्गच्या टेकडीवर स्वतःचा मठ काढला. ‘लिंग्वा इग्नोता’, म्हणजे अज्ञात भाषा, ही तिचीच. सोबत २३ अक्षरांची लिपी.

रूपर्ट्सबेर्ग शोधायला निघालो आणि रेल्वेच्या रुळांपाशी पोचलो. मठ १६३२मध्ये, तीस वर्षांच्या युद्धात स्वीडिश सैन्याने जाळला. उरलेले अवशेष १८५७मध्ये रेल्वेसाठी काढून टाकले, खडकासकट. एका इमारतीत जुन्या चर्चच्या काही कमानी शिल्लक आहेत. मठ कसा होता ते नदीकाठच्या संग्रहालयातल्या प्रतिकृतीवरून कळतं. तिथे आम्ही दोघी बराच वेळ होतो, कारण बाहेर पाऊस होता आणि आत बाकं होती.

हिल्डेगार्डच्या भाषेत हजाराच्या वर थोडेसेच शब्द आहेत, आणि जवळजवळ सगळी नामं. क्रम ठरलेला: आधी ‘आइगोन्झ’ म्हणजे देव, मग देवदूत, संत, माणूस, नातीगोती, शरीराचे अवयव, रोग, चर्चमधली पदं, कारागिरांची हत्यारं, झाडं, पक्षी, आणि शेवटी कीटक. बाप ‘पेउएरिझ’, आई ‘माइझ’. शब्दाच्या आधी ‘हिल्झ’ लावलं की सावत्र बाप आणि सावत्र आई. क्रियापदं जवळपास नाहीत, स्वतंत्र व्याकरणही नाही. तिच्या एका स्तोत्रात हे शब्द आलेत, पण लॅटिन वाक्यात पेरलेले.

ही भाषा ‘अपुरी’ म्हणून बाजूला ठेवणारे आहेत. मला ते पटत नाही. खऱ्या दर्यावर्दींच्या वह्या अशाच दिसतात. मॅगेलनबरोबर १५१९मध्ये निघालेल्या अँतोनियो पिगाफेत्ताने पॅटागोनियातल्या आणि मलाय बेटांतल्या लोकांचे शब्द टिपले, त्यात डोकं, डोळा, नाक, पाणी, आग असे शब्द भरपूर आहेत. बोट दाखवता येतं त्याला नाव विचारता येतं. ‘परतणं’ किंवा ‘घाबरणं’ याच्याकडे बोट कसं दाखवणार? पहिल्या फेरीतली भाषा नामांचीच असते, क्रियापदं घरून न्यावी लागतात. म्हणून नेहुरच्या जुन्या थरात मी आता क्रियापदं ठेवणार नाही. ती पुढच्या पिढीने, वेगवेगळ्या घरच्या भाषांतून आणलेली असतील आणि त्यामुळे एकमेकींशी न जुळणारी. भांडणाचं क्रियापद एका भाषेतलं, समेटाचं दुसरीतलं.

संध्याकाळी पाऊस थांबल्यावर फेरीबोटीने पलीकडे रूडेसहाइमला गेलो आणि चढ चढून आइबिंगेनला. तिथल्या चर्चमध्ये तिच्या अस्थी आहेत. २०१२मध्ये पोपने तिला अधिकृतपणे संत आणि चर्चची आचार्य घोषित केलं. आठशेहून अधिक वर्षं थांबावं लागलं बाईला.

बुधवार, वीसबाडेन

अर्ध्या दिवसाचा मुक्काम. हिल्डेगार्डच्या लेखनाची अवाढव्य पोथी, १५ किलो वजनाची, इथल्या ग्रंथालयाची आहे. अज्ञात भाषेची यादी तिच्यातच आहे. मूळ पोथी येणाऱ्याजाणाऱ्याला कुणी दाखवत नाही. पानं इंटरनेटवर आहेत, ती मी आधीच पाहिली होती.

या पोथीची हकिगत मात्र एखाद्या कादंबरीत शोभेल अशी. दुसऱ्या महायुद्धात ती सुरक्षित राहावी म्हणून ड्रेस्डेनला नेली. शहर बेचिराख झालं, पोथी तिजोरीत वाचली, पण आता ती सोव्हिएत भागात अडकली. १९४८मध्ये मार्गारेटे क्यून या बर्लिनच्या संशोधिकेने ती अभ्यासासाठी मागवली, कॅरोलाइन वॉल्श या अमेरिकन अधिकाऱ्याच्या पत्नीने ती पश्चिमेला आणून पोचवली, आणि ड्रेस्डेनला बदल्यात दुसरंच जुनं पुस्तक परत गेलं. दोन बायकांनी सरळ सरळ पळवली म्हणा ना. ताई दिवसभर खुशीत होती.

गुरुवार, जिनिव्हा

बाझेलमार्गे जिनिव्हा. बास्तियों बागेत एका बाजूला विद्यापीठाची जुनी इमारत आणि ग्रंथालय, समोर धर्मसुधारकांच्या पुतळ्यांची लांबलचक भिंत. याच विद्यापीठात थेओडोर फ्लुर्नुआ मानसशास्त्र शिकवायचा. १८९४च्या डिसेंबरपासून तो एका बाईच्या बैठकांना जाऊ लागला. बाई दिवसा रेशमी कापडाच्या दुकानात काम करायची. खरं नाव कातरीन एलीझ म्युलर, पण फ्लुर्नुआने पुस्तकात तिला एलेन स्मिथ केलं आणि तेच नाव राहिलं. पैसे ती घेत नसे. समाधी लागली की मंगळावर जायची, आणि १८९६पासून मंगळाची भाषा बोलू लागली. पुढे लिहूही लागली, वेगळ्या लिपीत.

एक वाक्य: ‘दोदे ने सी ओदां ते मेस मेतिश आस्ताने के दे मे वेश’. तू पाहिलेल्या थोर पुरुषाचं, आस्तानेचं, हे घर आहे. फ्लुर्नुआने त्याखाली फ्रेंच वाक्य लिहिलं तर शब्दाखाली शब्द बसत गेला. एकही आवाज असा नाही जो फ्रेंचमध्ये नाही. सगळ्यात जबरदस्त पुरावा एका छोट्या प्रश्नात आहे: ‘केव्ही बेरिमिर म हेद’, तो कधी परतेल? फ्रेंच माणूस असा प्रश्न विचारताना क्रियापद आणि ‘तो’ यांच्यामध्ये बोलायला सोपं जावं म्हणून उगाच एक ‘त’ घालतो. मंगळाच्या लोकांनी नेमक्या त्याच जागी ‘म’ घातलाय. शब्द नवे, खाच जुनीच.

फ्लुर्नुआने हे बाईंना सांगितलं, आणि पुढे काय झालं ते भारीच आहे. थोड्याच काळात दुसऱ्याच एका ग्रहावरची अतिमंगळ भाषा अवतरली, जी फ्रेंचसारखी अजिबात नव्हती. म्हणजे कुणीतरी हटकलं, आणि भाषा बदलली! मॉर्टलेकमध्ये जे झालं नाही ते इथे झालं. ही बाई खोटारडी होती असं फ्लुर्नुआलाही वाटलं नाही, मलाही वाटत नाही. जागेपणी दुकानात उभी असलेली बाई झोपेत एक अख्खं व्याकरण चालवत होती.

शुक्रवार, जिनिव्हा

हा भाग मराठी वाचकांसाठी राखून ठेवला होता. मंगळाच्या आधीपासून एलेन स्मिथ पूर्वजन्मीची हिंदू राणी होती. नाव सिमंदिनी. नवरा कानडा प्रांतातल्या चंद्रगिरीचा राजा सिव्रुका नायक, साल १४०१. आणि हा सिव्रुका म्हणजे पूर्वजन्मीचा फ्लुर्नुआच. प्राध्यापकमहाशयांची अवस्था काय झाली असेल! त्याने इतिहासकारांना विचारलं, कुणाला ते नाव ठाऊक नव्हतं. शेवटी १८२८च्या एका फ्रेंच भारत-इतिहासात त्याला सिव्रुका, चंद्रगिरी आणि १४०१ हे तिन्ही एकत्र सापडले. पुस्तक जिनिव्हातच होतं, धूळ खात. गंमत म्हणजे केरळात कासरगोडजवळच्या चंद्रगिरी किल्ल्याशी जोडलं जातं ते नाव आहे केळदीच्या शिवप्पा नायकाचं, आणि तो सतराव्या शतकातला.

सिमंदिनी संस्कृतसारखं काहीतरी बोलायची. ते तपासायला फ्लुर्नुआने बोलावला आपला सहकारी, फर्दिनां द सोस्यूर. हो, तोच, आधुनिक भाषाशास्त्राचा पाया घालणारा. तो तिथे संस्कृत शिकवायचा. तो स्वतः एका बैठकीलाही बसला होता. ‘अतिएया गणपतिनामा’ असे शब्द त्याच्यापुढे आले. दुसऱ्याचा अर्थ लागला, पहिल्याचा नाही. एकूण मजकूर संस्कृत नाही, पण संस्कृतविरोधी असंही त्यात काही नाही, असा त्याचा सूर होता. संस्कृतात ‘फ’चा दंतोष्ठ्य उच्चार, फ्रेंच एफसारखा, नाही. बाईंच्या बोलण्यातही तो नव्हता, हे त्याने टिपून ठेवलं.

बागेतल्या बाकावर ताईला हे वाचून दाखवलं. ती म्हणाली, “गणपती जिनिव्हापर्यंत गेला, आणि आपल्याला कुणी सांगितलंही नाही.”

पुस्तक १९००च्या तोंडावर निघालं, खूप गाजलं आणि बाईंनी फ्लुर्नुआशी संबंध तोडले. मला त्यांची बाजू समजते. तुम्ही गेलात ते जग खरं नव्हतं हे चारशेहून जास्त पानांत छापून आलेलं कुणाला आवडेल?

शनिवार, कॉन्स्टान्स

सरोवराकाठच्या लिट्सेलश्टेटनमध्ये १८७९ साली योहान मार्टिन श्लायर हा कॅथलिक पाद्री रात्रभर जागा होता, आणि जगासाठी एक भाषा कर असं देवाने सुचवलं, असं त्याचं म्हणणं. तीच व्होलाप्यूक. चिनी लोकांना जड जातो म्हणून त्याने ‘र’ शक्यतो टाळला आणि वर टिंबं असलेले जर्मन स्वर मात्र ठेवले. १८८९च्या पॅरिस परिषदेत सगळे व्होलाप्यूकमध्येच बोलले. मग लोक सुधारणा सुचवू लागले, आणि शेवटचा शब्द आपलाच हा हट्ट श्लायरने सोडला नाही. भाषा फुटली ती फुटलीच. गाव छान आहे, सरोवर त्याहून छान. रात्री झ्युरिकहून व्हिएन्नाची गाडी.

रविवार, व्हिएन्ना

हेरेनगासेवरच्या मोलार्ड प्रासादात एस्पेरांतो या घडवलेल्या आंतरराष्ट्रीय भाषेचं संग्रहालय आहे, १९२७मध्ये स्थापन झालेलं, ऑस्ट्रियाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचा भाग. नाव एस्पेरांतोचं असलं तरी माणसांनी घडवलेल्या शेकडो भाषांची कागदपत्रं इथे जमा आहेत, आणि हिल्डेगार्डही या कुळातलीच. जागा लहान, मजकूर नेमका.

एस्पेरांतोचा कर्ता झामेनहोफ याने १८८७मध्ये वॉर्सात तिचं पहिलं पुस्तक काढलं, तेव्हा त्यात कापून पाठवायची वचनपत्रं होती: आणखी एक कोटी लोकांनी असंच वचन दिलं तर मी ही भाषा शिकेन. एक कोटी अर्थातच जमले नाहीत. पण त्याच पुस्तकात त्याने भाषेवरचे आपले सगळे हक्क सोडून दिले, ती आता सर्वांची. कालच्या पाद्र्यानंतर हे वाचताना बरं वाटलं.

आमच्यापुढे चार-पाच जणांचा एक घोळका एस्पेरांतोत चक्क वाद घालत चालला होता. त्यातली एक आजी इंग्रजीत आमच्याशी बोलू लागली. मी नेहुरचं सांगितलं. मितींमध्ये वर-खाली, उत्तर-दक्षिण भरवशाचं नाही, म्हणून नेहुरमध्ये दोनच दिशा आहेत: ‘ऊल’ म्हणजे ज्या दारातून आलो त्याच्याकडे, ‘इश’ म्हणजे त्यापासून लांब. शिवाय प्रत्येक क्रियापदाला सांगावं लागतं की हे पाहिलं, ऐकलं की नुसता अंदाज. तसं ॲमेझॉनच्या काही भाषांत खरोखर असतं. दुसऱ्याने सांगितलेली वाट आणि स्वतः पाहिलेली वाट यांत प्रवाशाच्या जिवाचा फरक पडतो.

आजींनी ऐकून घेतलं आणि विचारलं, “दोघी वेगवेगळ्या दारांनी आल्या असतील आणि मध्ये भेटल्या, तर ‘ऊल’ कुणीकडे?”

ताईने वही ओढून घेतली आणि जिन्यावर बसून आकृत्या काढल्या. आता ‘ऊलन’ म्हणजे माझ्या दाराकडे आणि ‘ऊलत’ म्हणजे तुझ्या. ‘इश’ला रूपं लागत नाहीत असं ताईचं म्हणणं, कारण दोन दारांमध्ये उभं राहून एका दारापासून लांब जाणं म्हणजे दुसऱ्या दाराकडे जाणंच. मी म्हटलं, दारं एका रेषेत नसतील तर? त्यावर तिने तिसरं दार काढलं आणि आमचं पुन्हा सुरू झालं.